हाफकिन : ताऊनच्या मुंबईत आधी स्वतःला सुई टोचून घेणारा माणूस

पल्स पोलिओच्या रविवारी आम्हा शिक्षकांपैकी काहींची ड्युटी बूथवर लागते. मोमिनपुऱ्याच्या गल्लीत टेबल टाकून बसलं की बर्फाच्या डब्यातली ती इवलीशी कुपी दिवसभर हातात फिरत राहते. एका वर्षी आठवीतली एक मुलगी धाकट्या भावाला कडेवर घेऊन आली. कुपीवरचं नाव तिने मोठ्याने वाचलं आणि हाफकिन म्हणजे काय, असं विचारलं. मुंबईच्या परळमधल्या एका संस्थेचं नाव आहे, एवढं सांगून आम्ही वेळ मारून नेली. घरी आल्यावर मात्र मनाला लागलं. आपल्या लेकरांच्या तोंडात वर्षानुवर्षं ज्या नावाचे दोन थेंब पडतात तो माणूस कोण होता, हे आपल्याला ठाऊक नसावं?

मग जमेल तसं वाचत गेलो. वाचता वाचता कळलं की ही गोष्ट एका परदेशी शास्त्रज्ञाची आहे, तशीच ती मुंबईच्या मुसलमानांचीही आहे. मदनपुऱ्याच्या विणकरांची, खोजा जमातीची, हजला निघून बंदरावरच अडकलेल्या लोकांची. आपल्या बुजुर्गांच्या तोंडी ज्याला ताऊन म्हणत आणि मराठीत ज्याला गाठीचा ताप म्हणत, त्या प्लेगची.

वाल्डेमार हाफकिन यांचा जन्म १५ मार्च १८६० रोजी काळ्या समुद्राच्या काठावरच्या ओदेसा शहरात झाला. तेव्हा तिथे रशियाच्या झारचं राज्य होतं. घर ज्यू, म्हणजे आपण ज्यांना यहुदी म्हणतो त्यांचं. आई लहानपणीच गेली. ओदेसाच्या विद्यापीठात त्यांना इल्या मेचनिकॉफ यांच्यासारखे उस्ताद मिळाले. रक्तातल्या पेशी रोगजंतूंना गिळून टाकतात हा शोध ज्यांचा, तेच हे मेचनिकॉफ.

१८८१ मध्ये झार दुसरा अलेक्झांडर मारला गेला आणि त्याचा राग यहुद्यांच्या मोहल्ल्यांवर निघाला. घरं, दुकानं लुटली गेली, माणसं मारली गेली. तरुण हाफकिन मोहल्ल्याच्या बचावासाठी उभ्या राहिलेल्या पोरांमध्ये सामील झाले आणि पकडले गेले. उस्तादांनी शब्द टाकला म्हणून सुटले. पुढे विद्यापीठाच्या कारवाईलाही त्यांना तोंड द्यावं लागलं, तरी शिक्षण पुरं केलं आणि प्राणिशास्त्रात डॉक्टरेट मिळवली. मग नोकरीचा प्रश्न आला. प्राध्यापकाची खुर्ची मिळू शकत होती, पण अट एकच : बापजाद्यांचा धर्म सोडून रशियन चर्चमध्ये या. त्यांनी नकार दिला आणि ओदेसाच्या प्राणिशास्त्र वस्तुसंग्रहालयातल्या मामुली जागेवर काही वर्षं काढली. त्या वयात ते काही फार मजहबी नव्हते. तरी नोकरीसाठी धर्म विकणं त्यांना पटलं नाही.

१८८८ मध्ये ते देश सोडून जिनिव्हाला गेले आणि तिथून पॅरिसला. लुई पाश्चर यांच्या संस्थेत मेचनिकॉफ आधीच पोचले होते. तिथेही जागा निघाली ती ग्रंथपालाच्या हाताखालची. दिवसा पुस्तकं लावायची आणि उरलेल्या वेळात प्रयोगशाळेचा एखादा कोपरा पकडायचा. त्या कोपऱ्यात त्यांनी कॉलऱ्याची लस तयार केली. गिनीपिगच्या पोटात एकापाठोपाठ एक जंतू वाढवून त्यांची ताकद ठरावीक पातळीला आणायची आणि मग ते माणसाला टोचायचे, असा हिशेब होता. पण हे आधी कुणाला टोचायचं? १८ जुलै १८९२ रोजी त्यांनी ती सुई स्वतःलाच टोचून घेतली. ताप आला, अंग दुखलं, काही दिवसांत उतरलं. त्यानंतर त्यांचे काही रशियन दोस्त तयार झाले.

पॅरिसच्या मोठ्या डॉक्टरांनी या लशीकडे फारसं लक्ष दिलं नाही. हाफकिन यांची इच्छा सयाम, म्हणजे आजच्या थायलंडला जायची होती. पॅरिसमध्ये तेव्हा ब्रिटिश राजदूत होते लॉर्ड डफरिन, जे आधी हिंदुस्थानचे व्हाइसरॉय होते. कॉलरा बघायचा तर बंगालला जा, असा सल्ला त्यांनी दिला. मार्च १८९३ मध्ये हाफकिन कलकत्त्याला उतरले. इथे त्यांची गोची अशी की ते डॉक्टर नव्हते, प्राणिशास्त्राचे माणूस होते. इंग्रज नव्हते, आणि रशियन असल्यामुळे हेर असल्याचा संशय. सरकारी वैद्यकीय खात्यातले साहेब लोक त्यांच्याकडे तिरक्या नजरेनेच बघत. तरी आग्रा आणि उत्तरेकडच्या छावण्यांमधून फिरत, गोऱ्या-काळ्या पलटणींना टोचत ते पुढे गेले. १८९४ मध्ये कलकत्त्याच्या काठालबागान नावाच्या गरीब बस्तीत कॉलरा शिरला तेव्हा दोनशेच्या आसपास रहिवाशांपैकी ११६ जणांनी लस घेतली. नंतर जे दहा जण आजारी पडले ते सगळे लस न घेतलेल्यांपैकी होते आणि त्यातले सात दगावले. या कामात त्यांच्याबरोबर चौधरी, घोष, चॅटर्जी आणि दत्त नावाचे हिंदी डॉक्टर होते. लोकांच्या घरात शिरून त्यांच्या जबानीत समजावणं हे या चौघांचं काम. साहेबाच्या टोपीपेक्षा त्याचा असर जास्त झाला असावा, असं आम्हाला वाटतं. १८९५ च्या मध्यापर्यंत बेचाळीस हजारांहून जास्त लोकांना कॉलऱ्याची लस दिली गेली होती. हाफकिन स्वतः मात्र मलेरियाने खिळखिळे होऊन युरोपला परतले. काही महिन्यांनी, १८९६ मध्ये, पुन्हा आले. यावेळी मात्र त्यांच्यापुढे ताऊन उभा राहणार होता.

मुंबई म्हणजे सात बेटं जोडून उभं राहिलेलं शहर. तिन्ही बाजूंनी दर्या आणि आत दाटीवाटीने माणसं. बंदराला लागून मांडवीचा धान्यबाजार. गोदामांत पोत्यांच्या थप्प्या आणि त्यांच्या आसऱ्याने लाखो उंदीर. १८९४ मध्ये हाँगकाँगमध्ये प्लेग माजला होता आणि तिथून जहाजं मुंबईला येत होती. १८९६ च्या पावसाळ्यात मांडवीत गोदामातले उंदीर मरू लागले आणि पाठोपाठ माणसं तापाने फणफणू लागली. कुणाच्या जांघेत गाठ, कुणाच्या बगलेत. सप्टेंबरमध्ये मूळचे गोव्याचे डॉक्टर अकासियो व्हिएगस यांनी हा गाठीचा प्लेग आहे असं निदान केलं आणि नगरपालिकेत उघडपणे सांगितलं. व्यापार बुडेल म्हणून हे ऐकायला बरेच जण तयार नव्हते. व्हिएगस साहेबांचा पुतळा आजही धोबीतलावला मेट्रो सिनेमासमोर उभा आहे.

उंदरावरची पिसू हा रोग माणसाला देते, हे तेव्हा माहीत नव्हतं. पॉल-लुई सिमॉंद या फ्रेंच डॉक्टरने ते कराचीत दाखवलं, पण त्याला १८९८ साल उजाडायचं होतं. तोवर नगरपालिकेचा सगळा जोर गटारं धुण्यावर, कार्बोलिक शिंपडण्यावर, घरांना चुना मारण्यावर. त्यात उंदीर एका घरातून दुसऱ्या घरात पळत आणि पिसवाही बरोबर नेत. राहण्यास लायक नाही असं ठरलेल्या घरांवर इंग्रजीत यू.एच.एच. ही तीन अक्षरं रंगवली जात. शहराची वस्ती आठ लाखांच्या वर होती. १८९७ च्या फेब्रुवारीपर्यंत त्यातले जवळपास निम्मे मुंबई सोडून गेले होते. आगगाड्या भरून लोक गावाकडे निघाले आणि ताऊनही त्यांच्या बरोबर डब्यात बसला.

इथे एक गोष्ट आठवते. हिजरी १८ मध्ये शाममध्ये अमवासचा ताऊन पसरला होता. हजरत उमर (रजि.) तिकडे निघालेले असताना वाटेतूनच परत फिरले. जिथे वबा आहे तिथे जाऊ नका आणि तुम्ही आहात तिथे ती आली तर पळून बाहेर पडू नका, ही हुजूर (स.) यांची शिकवण सहाबांनी तेव्हा त्यांना सांगितली होती. आमच्या लहानपणी हा किस्सा मौलवी साहेब तकदीर समजावायला सांगत. त्यात साथ रोखण्याचा एक साधा हिशेबही आहे, हे मुंबईचं वर्णन वाचताना कळलं.

या सगळ्याचा एक घाव थेट मुसलमानांवर बसला. मुंबई तेव्हा हजचं मोठं बंदर. अवध, बंगाल, दख्खन, आपला विदर्भ, अगदी बुखारा-समरकंदपासूनचे लोक इथून जेद्दाहची बोट धरत. मुंबईतून ताऊन अरबस्तानात जाईल आणि तिथून युरोपात, या भीतीने १८९७ मध्ये व्हेनिसला राष्ट्रांची परिषद भरली आणि सरकारने त्या वर्षी हजच्या बोटी बंद केल्या. आयुष्यभर पैसा पैसा जोडून निघालेल्यांचं त्या वर्षी काय झालं असेल, ते २०२० मध्ये ज्यांच्या घरचं हजचं तिकीट रद्द झालं त्यांना वेगळं सांगायला नको.

हाफकिन यांना सरकारने ऑक्टोबर १८९६ मध्ये मुंबईला धाडलं. भायखळ्याच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात त्यांना जागा मिळाली ती एक छोटी खोली आणि तिच्या बाहेरचा व्हरांडा. हाताखाली एक कारकून आणि तीन शिपाई. रोज पंधरा-पंधरा तास काम चाले. मटणाचा रस्सा करायचा, त्यावर तुपाचे थेंब सोडायचे. त्या थेंबांना लटकून प्लेगचे जंतू खाली वाढत जातात, गुहेत छताला चुन्याच्या सुळ्या लोंबतात तसे. ते हलवून खाली पाडायचे, पुन्हा नवे वाढू द्यायचे. काही आठवड्यांनी सगळं गरम करून जंतू मारून टाकायचे. झाली लस. रस्सा बकऱ्याच्या मटणाचा वापरला, कारण गाय म्हटलं की हिंदू बिथरणार आणि डुक्कर म्हटलं की मुसलमान. एवढी खबरदारी घेऊनही लशीत गाय आणि डुक्कर दोन्ही असल्याची अफवा उठायची ती उठलीच.

डिसेंबरपर्यंत सशांवर लस लागू पडली. १० जानेवारी १८९७ रोजी हाफकिन यांनी प्लेगची लस आधी स्वतःला टोचून घेतली. मात्राही मोठी होती, १० घन सेंटीमीटर. पुढे लोकांना देताना ३ वर आणली. त्यांना सणकून ताप आला, तरी काम थांबलं नाही. कॉलेजातल्या काही डॉक्टरांनी आणि इतरांनी मग आपणहून सुई घेतली.

महिनाअखेरीस भायखळ्याच्या तुरुंगात प्लेग शिरला. तिथे १४७ कैद्यांना लस दिली गेली, १७२ जण तसेच राहिले. लस न घेतलेल्यांत बारा जणांना रोग झाला, सहा मेले. घेतलेल्यांत दोघे आजारी पडले, मेला कुणीच नाही. कैद्यांनी स्वखुशीने घेतली असं नोंदवलेलं आहे. पण तुरुंगातल्या माणसाची स्वखुशी ती कितपत, हा प्रश्न आम्हाला पडल्याशिवाय राहिला नाही. आज असा प्रयोग करायला कुणी परवानगी देणार नाही.

शहरात मात्र लस सक्तीची नव्हती. सक्ती होती ती बाकी सगळ्याची, आणि तिथेच घोळ झाला. ४ फेब्रुवारी १८९७ रोजी सरकारने साथीच्या रोगांचा कायदा केला. कोरोनाच्या वेळी आपण ज्याचं नाव ऐकलं, तोच हा. त्याच्या जोरावर झडतीपथकं घरात घुसत. आजारी माणसाला उचलून इस्पितळात नेत, घरच्यांना छावणीत. रेल्वे फलाटावर बायकांची तपासणी पुरुष डॉक्टर करत. इस्पितळात गेलेला परत येत नाही, असा लोकांचा समज होता, आणि बहुतेक वेळा तो खराही ठरत होता. ऑक्टोबर १८९६ मध्येच गिरणी कामगारांनी आर्थर रोडच्या इस्पितळावर हल्ला केला होता. पुण्यात काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे : २२ जून १८९७ रोजी चापेकर बंधूंनी रँडवर गोळी झाडली. त्याच वर्षी मार्चमध्ये पुण्यात रुग्णांची सेवा करता करता सावित्रीबाई फुले याच रोगाने गेल्या.

मदनपुऱ्याचं प्रकरण मात्र आपल्या मराठी पुस्तकांत क्वचितच येतं. मदनपुरा म्हणजे मोमिन विणकरांचा मोहल्ला. उत्तरेतून उठून मुंबईत आलेले हे लोक. आपल्या मोमिनपुऱ्यातले आणि कामठीतले माग चालवणारेही त्याच बिरादरीचे. ९ मार्च १८९८ रोजी एका विणकराच्या घरातल्या आजारी मुलीला तपासायला पथक आलं. परक्या पुरुषाने आपल्या लेकीला हात लावू नये, म्हणून घरचे आडवे आले. गर्दी जमली, दगड आले, मग गोळीबार झाला आणि बघता बघता दंगल शहरभर पसरली. लष्कर उतरवावं लागलं. सरकारी कागदांत या लोकांना अडाणी आणि धर्मवेडे ठरवलं गेलं. आमच्या मते एक जनाना डॉक्टर पाठवली असती आणि मोहल्ल्यातल्या दोन बुजुर्गांना आधी विचारलं असतं, तर कदाचित एक दगडही पडला नसता. या दंगलीनंतर सरकारचा सूर नरमला आणि जमातींनी आपापली इस्पितळं चालवायला वाट मोकळी होत गेली.

त्याच मुंबईत, त्याच महिन्यांत, मुसलमानांच्याच दुसऱ्या एका जमातीत वेगळंच घडत होतं. खोजा इस्माइलींचे इमाम तिसरे आगाखान, सुलतान मुहम्मद शाह, तेव्हा विशीचे होते. जन्म कराचीचा, १८७७ चा. वयाच्या आठव्या वर्षी वडिलांमागे गादीवर आलेले. त्यांच्या आणि आपल्या सुन्नी अकीद्यात फरक आहे, तो इथे काढायचं कारण नाही. हाफकिन यांचं काम त्यांनी समजून घेतलं आणि सगळ्यांसमक्ष स्वतः लस टोचून घेतली. ही खबर जमातीत पसरेल याची काळजी घेतली आणि एकदा घेऊन थांबले नाहीत, पुन्हा घेतली. तरणाबांड इमाम सुई घेऊन दुसऱ्या दिवशी हिंडताफिरताना दिसतो, यापुढे अफवेचं काय चालणार? खोजा जमातीतल्या हजारो लोकांनी लस घेतली. मुंबईतली निम्म्याच्या आसपास जमात यात आली असं नोंदलं गेलं आहे.

ग्रँट कॉलेजातली खोली केव्हाच अपुरी पडली होती. मधे मलबार हिलच्या एका बंगल्यात बिऱ्हाड हललं. मग आगाखानांनी माझगाव भागातली आपली खुसरो लॉज नावाची मोठी हवेली हाफकिन यांना प्रयोगशाळेसाठी दिली. रशियातून हाकलल्यासारखा बाहेर पडलेला एक यहुदी, इंग्रजांचा नोकर, मुसलमान इमामाच्या हवेलीत तूप आणि मटणाच्या रश्श्यावर लस बनवतोय, आणि ती घ्यायला हिंदू, पारशी, ख्रिस्ती सगळे रांगेत. मुंबईतच घडू शकतं हे.

यातली एक गोष्ट मात्र झाकून ठेवणं बरोबर होणार नाही. यहुदी म्हटलं की आज आपल्या घरांत फलस्तीनची बातमी आठवते, आणि हाफकिन यांचा त्या इतिहासाशीही एक धागा आहे. १८९८ च्या सुमारास त्यांनी आगाखानांमार्फत तुर्कस्तानचे सुलतान अब्दुल हमीद यांच्यापुढे एक प्रस्ताव पाठवायची खटपट केली : यहुद्यांना फलस्तीनमध्ये जमिनी विकत घेऊन वसू द्यावं. सुलतानांनी तो मानला नाही. ओदेसात ज्याने मोहल्ला जळताना बघितला होता, त्या माणसाला आपल्या लोकांसाठी निवारा हवा होता. पुढे तिथे काय काय झालं, त्याची किंमत कुणी मोजली, हे आपण बघतोच आहोत. ज्याला वाचायचंय त्याने दोन्ही वाचावं.

लशीचा सगळ्यात पक्का पुरावा मिळाला तो बडोद्याजवळच्या उंधेरा या लहानशा गावात, फेब्रुवारी १८९८ मध्ये. तिथे घरटी निम्म्या माणसांना लस द्यायची आणि निम्म्यांना नाही, असं ठरलं. म्हणजे एकच चूल, एकच उंदीर, एकच पाणी. लस घेतलेले ७१, त्यांतले तीन मेले. न घेतलेले ६४, त्यांतले सव्वीस मेले. हा हिशेब वर्गात फळ्यावर मांडायला सोपा आहे. पण एकाच घरात या भावाला दिली आणि त्या भावाला नाही, असं झालं त्या घरांचा विचार केला की खडू हातातच राहतो.

लस शंभर टक्के वाचवत नव्हती, हे हाफकिन यांनी कधी लपवलं नाही. एकदोन दिवस ताप येई, दंड सुजे, मजुराची रोजी बुडे. तरी मागणी इतकी वाढली की १० ऑगस्ट १८९९ रोजी प्रयोगशाळा परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसमध्ये गेली. या इमारतीचा इतिहासही काय सांगावा! मुंबईचे गव्हर्नर इथे राहत. १८८२ मध्ये गव्हर्नर फर्ग्युसन यांच्या बेगम कॉलऱ्याने वारल्या आणि लाटसाहेबांचं मन परळवरून उडालं. एका साथीने रिकाम्या झालेल्या महालात दुसऱ्या साथीची लस तयार होऊ लागली.

आता त्या बाटलीकडे यावं लागेल. ३० ऑक्टोबर १९०२ रोजी पंजाबातल्या मलकोवाल गावात, जे आज पाकिस्तानात आहे, १०७ जणांना लस दिली गेली. आठवडाभरात त्यातल्या एकोणीस जणांना धनुर्वात झाला आणि एकूण एक एकोणीस मेले. सगळ्यांना टोचलेली लस एकाच बाटलीतली, क्रमांक ५३ एन. बाकी बाटल्यांतली लस घेतलेल्यांना काहीच झालं नाही.

चौकशी आयोग बसला. अध्यक्ष मुंबई हायकोर्टाचे मुख्य न्यायाधीश लॉरेन्स जेन्किन्स. लस जास्त लवकर आणि जास्त प्रमाणात तयार व्हावी म्हणून हाफकिन यांनी कार्बोलिक ॲसिड वगळून नुसत्या उष्णतेने जंतू मारायची पद्धत सुरू केली होती. आयोगाने त्यावरच बोट ठेवलं आणि बाटली मुंबईतच दूषित झाली असं ठरवलं. हाफकिन यांना कामावरून बाजूला केलं गेलं. १९०४ मध्ये ते लंडनला निघून गेले. ज्या शहरात सुई आधी स्वतःला टोचून घेतली, तिथून हा माणूस खुनी ठरल्यासारखा बाहेर पडला.

पण जबान्यांमध्ये एक गोष्ट पडून होती. मलकोवालला बाटली उघडताना कंपाउंडरच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो नीट उकळून न घेता तसाच वापरला गेला. धनुर्वाताचे जंतू मातीत, शेणात असतात, हे आज आपल्या दहावीच्या पोरांनाही माहीत आहे. शिवाय ती लस चाळीसहून जास्त दिवस आधी भरलेली. इतके दिवस आत धनुर्वाताचे जंतू वाढत असते तर बाटली उघडल्याबरोबर घाण वास आला असता, आणि तसा वास आला नव्हता. सगळे कागद बाहेर यायला चारेक वर्षं लागली. मग मलेरियाचा डास शोधणारे, नोबेल मिळालेले रोनाल्ड रॉस हाफकिन यांच्या बाजूने उभे राहिले. जुलै १९०७ मध्ये त्यांच्यासह दहा नामांकित शास्त्रज्ञांनी लंडनच्या टाइम्समध्ये पत्र लिहून हाफकिन यांच्यावरचा आरोप टिकत नाही असं जाहीर केलं. वर्षाच्या अखेरीस सरकारने त्यांना पुन्हा कामावर घेतलं. फ्रान्समध्ये ड्रेफस नावाच्या यहुदी लष्करी अफसरावर खोटा आळ आला होता, तसंच हे प्रकरण म्हणून लोक बोलत. यहुदी म्हणून, रशियन म्हणून, की डॉक्टर नसून डॉक्टरांच्या वर बसला म्हणून त्यांच्यावर हे आलं? आम्हाला वाटतं, तिन्ही थोडं थोडं. आणि त्या एकोणीस गावकऱ्यांची नावं या सगळ्या वादात कुणाच्याच तोंडी नाहीत. सरकारी डॉक्टरवर विश्वास ठेवून दंड पुढे केलेली माणसं होती ती.

हाफकिन परत आले ते कलकत्त्याला. मुंबईची जागा भरली गेली होती. कलकत्त्यात पद मोठं होतं, पण माणसांवर लशीचे प्रयोग करायची मुभा नव्हती. म्हणजे नाव ठेवलं आणि हात बांधले. १९१४ च्या सुमारास ते निवृत्त झाले आणि युरोपात परतले. लग्न केलं नव्हतं. उमेदीचा काळ त्यांनी आपल्या देशात घालवला. उरलेल्या आयुष्यात ते आपल्या धर्माकडे पूर्ण वळले. खाण्यापिण्याचे, इबादतीचे नियम पाळू लागले आणि धर्म पाळणं का गरजेचं आहे यावर लेखही लिहिला.

परळच्या प्रयोगशाळेला १९२५ मध्ये हाफकिन इन्स्टिट्यूट हे नाव दिलं गेलं. त्यांना ते कळवलं तेव्हा, आयुष्यातली सगळ्यात चांगली वर्षं मुंबईच्या कामात गेली, अशा अर्थाचं उत्तर त्यांनी पाठवलं. तोवर तिथून प्लेगच्या लशीच्या दोन कोटी साठ लाख मात्रा बाहेर पडल्या होत्या. ताऊनने मात्र १८९६ नंतरच्या तीसेक वर्षांत देशभर एक कोटीहून जास्त माणसं नेली. प्लेगच्या धसक्याने १८९८ मध्ये मुंबईत इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला आणि दाट वस्त्या पाडून रुंद रस्ते काढले गेले. रमजानमध्ये मुंबईला गेलो की ज्या मोहम्मद अली रोडवर आपण रात्र रात्र फिरतो, तो त्यांपैकीच एक.

२६ ऑक्टोबर १९३० रोजी स्वित्झर्लंडमधल्या लोझान शहरात हाफकिन वारले. मरण्याआधी वर्षभर त्यांनी आपली सगळी कमाई एका निधीत ठेवली होती. तो पैसा पूर्व युरोपातल्या यहुद्यांच्या मदरशांसाठी होता. मुलांनी दीन शिकावा आणि त्याबरोबर विज्ञान आणि हाताचं एखादं हुनरही शिकावं, अशी त्यांची इच्छा होती. दहा-पंधरा वर्षांत महायुद्धात ती बहुतेक मदरसे आणि त्यांतली मुलं, दोन्ही संपली. १९६४ मध्ये भारत सरकारने हाफकिन यांच्या नावाचं टपाल तिकीट काढलं. परळची इमारत आजही उभी आहे. आठवीतली ती मुलगी आता कॉलेजात असेल. तिला त्या दिवशी नीट उत्तर दिलं नव्हतं, म्हणून हे लिहिलं.